जमीन आधी कोणाची होती?

वाचकहो, तुमच्या शिवारात मका असेल. नसला तर घरात मिरची तरी असेलच. तिच्यावाचून आपल्याला घास उतरत नाही. शेंगदाण्याची चटणी, उपासाचा बटाटा, परसातला पेरू, बाजारातला टोमॅटो ही सगळी मंडळी पाचशे वर्षांपूर्वी आपल्याकडे नव्हती. पोर्तुगीजांच्या गलबतांतून आणि पुढे आणखी कुठल्या कुठल्या वाटांनी ती अमेरिका खंडातून इकडे आली. हे आपण शाळेत मुलांना सांगतो. पण त्याच्या पुढचा प्रश्न विचारायचा बहुधा राहून जातो. ही पिके तिकडे तयार कोणी केली?

मका काही रानात आपोआप उगवलेला नाही. मेक्सिकोतल्या शेतकऱ्यांनी एका रानगवतातून हजारो वर्षे निवडून निवडून तो घडवला. माणसाने दाणे सोडवून पेरले नाहीत, तर मक्याचा वंश टिकत नाही. उत्तर अमेरिकेत पुष्कळ ठिकाणी मका, घेवडा आणि भोपळा एकत्र लावीत. घेवडा मक्याच्या ताटावर चढायचा, भोपळ्याची पाने जमीन झाकून ओल धरायची. आपण ज्वारीत तूर टाकतो ना, त्यातलाच प्रकार. आता मला सांगा, जिथे असे मुरलेले शेतकरी नांदत होते, त्या भूमीला ‘ओसाड’ आणि ‘रिकामी’ कसे म्हणायचे? तरी शेकडो पुस्तकांत तसेच लिहिलेले आहे. गोरे लोक आले, त्यांनी रान तोडले, शेती सुरू केली, राष्ट्र उभारले. आधी तिथे जे होते ते म्हणे शिकारीमागे भटकणारे थोडेसे रानटी लोक.

या गोष्टीला जन्मभर हरकत घेणाऱ्या एका इतिहासकार बाईंची ओळख आज करून द्यायची आहे. त्यांचे नाव रॉक्सॅन डनबार-ऑर्टिझ. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांचा इतिहास मूळ रहिवाशांच्या अंगणात उभे राहून कसा दिसतो, हे सांगणारे त्यांचे इंग्रजी पुस्तक २०१४ साली निघाले आणि त्याला अमेरिकन बुक अवॉर्ड मिळाले. त्या पुस्तकाचे पहिले प्रकरण मक्यापासूनच सुरू होते.

एका शब्दाचा आधी निकाल लावू. आपल्याकडे या लोकांना ‘तांबडे इंडियन’ म्हणण्याची चाल होती. कोलंबस १४९२ साली चुकून तिकडे गेला आणि आपण हिंदुस्थानच्या जवळपास आलो असे समजला; त्याच्या चुकीचे ओझे ते लोक अजून वाहत आहेत. ते एक लोक नव्हतेच. लाकोटा, चेरोकी, नव्हाहो, मस्कोगी अशी शेकडो राष्ट्रे, प्रत्येकाची भाषा वेगळी, कारभार वेगळा. लेखात मी ‘मूळ रहिवासी’ हा शब्द वापरतो. जिथे राष्ट्राचे नाव ठाऊक आहे तिथे नावच घेतो. शिक्षकांनी वर्गात एवढे पाळले तरी पुष्कळ.

डनबारबाईंचा जन्म १९३८ सालचा. त्या वाढल्या ओक्लाहोमा संस्थानातल्या एका खेड्यात, जमीन नसलेल्या कुळाच्या घरी. वडील बटाईने जमीन करीत. आजोबा समाजवादी चळवळीतले. त्या काळी गाजलेल्या एका खटल्यातल्या कामगार पुढाऱ्यांची नावे त्यांनी आपल्या मुलाला ठेवली होती. म्हणजे घराणे गोरे खरे, पण सुखवस्तू मुळीच नव्हे. या बाईंचे सगळे लेखन समजायला ही गोष्ट ध्यानात ठेवावी लागते.

कारण ओक्लाहोमाची जमीन कशी वाटली गेली ते बघा. हा मुलूख मूळ रहिवाशांसाठी राखून ठेवला होता. आग्नेयेकडच्या चेरोकी, मस्कोगी वगैरे राष्ट्रांना १८३० च्या कायद्याने आपापल्या गावांतून उठवून तिकडेच हाकलले होते. १८३८-३९ च्या हिवाळ्यात चेरोकींच्या अशा प्रवासात सुमारे चार हजार माणसे मेली असे मानतात. ‘ही नवी जमीन तरी तुमची’ असे त्यांना सांगितले होते. पन्नास वर्षे झाली, आणि २२ एप्रिल १८८९ रोजी दुपारी बाराच्या ठोक्याला इशारा होताच हजारो गोरी कुटुंबे घोड्यांवरून, गाड्यांतून त्या मुलखाच्या एका भागात धावत सुटली. जो आधी खुंटी ठोकील त्याची एकशेसाठ एकर. जत्रेतल्या शर्यतीसारखी जमिनीची शर्यत! धावणारे बहुतेक गरीबच होते. आणि गमतीची नव्हे, दुःखाची गोष्ट अशी, की १९१० पर्यंत ओक्लाहोमातले निम्म्याहून अधिक शेतकरी पुन्हा दुसऱ्याच्या जमिनीवर कूळ म्हणून राबत होते. सावकार, पेढ्या आणि कापसाचे पडते भाव यांनी जमीन त्यांच्याही हातून काढून घेतली. एका गरिबाला दुसऱ्या गरिबाच्या उरावर बसवले, आणि मागाहून बसवलेल्यालाही उठवले. १९९७ साली निघालेल्या आपल्या आठवणींच्या पुस्तकात बाईंनी हे लाल मातीतले बालपण लिहिले आहे. आपल्या लोकांची गरिबी त्या झाकत नाहीत, पण गरिबी ही सबब म्हणून पुढेही करीत नाहीत. माझ्या मते त्यांच्या लेखनाचे बळ इथे आहे.

त्यांचे म्हणणे थोडक्यात असे, की अमेरिकेचा इतिहास म्हणजे मुळात जमिनीचा इतिहास. आपल्याकडे इंग्रज आला तो सारा वसूल करायला. साऱ्यासाठी त्याला रयत लागत होती. रयत छळली, नागवली, पण ती शेतावर राहायला त्याला हवी होती. तिकडे गेलेल्या वसाहतवाल्यांना जमीन हवी होती आणि तिच्यावरची माणसे नको होती. राज्य करणे वेगळे आणि जागा घेणे वेगळे. हा फरक कळला की पुढच्या पुष्कळ गोष्टींचा उलगडा होतो.

कुणी म्हणेल, ‘पण ते लोक तर देवी-गोवराच्या साथींनी मेले, त्यात कुणाचा दोष?’ साथी आल्या हे खरे आणि त्यांनी भयंकर संहार केला हेही खरे. बाईंचा यावर उलट सवाल आहे. साथींनीच काम भागले असते, तर एवढी युद्धे शतकानुशतके का करावी लागली? युरोपातही महामारीने गावे ओस पडली होती. तिथे माणसे पुन्हा वाढली. इथे सावरायला उसंतच मिळाली नाही. उभी पिके जाळली, कोठारे फोडली, माणसांच्या मुंडक्यांच्या कातड्यावर बक्षिसे लावली. एक गोष्ट मला स्वतःला वाचताना बोचली. ज्या लिंकनची गोष्ट आपण मुलांना गुलामांचा मुक्तिदाता म्हणून सांगतो, त्याच्याच कारकिर्दीत, २६ डिसेंबर १८६२ रोजी, मिनेसोटात अडतीस डकोटा पुरुषांना एकाच वेळी फासावर चढवले. शिक्षा तीनशे तीन जणांना झाली होती. बाकीच्यांची फाशी लिंकननेच थांबवली, हेही सांगितले पाहिजे. दोन्ही गोष्टी त्याच माणसाच्या.

आता तहाकडे येऊ. मराठी शिक्षकाला तह म्हणजे काय ते शिकवायला नको. पुरंदर, सालबाई, वसई आपल्याला पाठ आहेत. तह दोन दरबारांत होतो. सरकार आपल्या रयतेशी तह करीत नाही. मग १७७८ ते १८७१ या काळात अमेरिकन सरकारने मूळ रहिवाशांशी साडेतीनशेहून अधिक तह केले, याचा अर्थ काय? अर्थ एकच: समोर राष्ट्र आहे असे सरकारनेच सही करून मान्य केले होते. पुढे ते राष्ट्र कोपऱ्यात ढकलले गेले म्हणून सही पुसली जात नाही.

१८६८ चा फोर्ट लॅरमीचा तह घ्या. लाकोटा आणि त्यांचे दोस्त दोन वर्षे लढले, आणि सरकारला त्या मुलखातले आपले किल्ले सोडावे लागले. त्यानंतरचा हा तह आहे. म्हणजे हरलेल्यांच्या माथी मारलेला नव्हे. मिसुरी नदीच्या पश्चिमेचा, आजच्या दक्षिण डकोटाचा अर्धा मुलूख लाकोटांचा राहील असे ठरले, त्यात त्यांचे पवित्र काळे डोंगर आले. वयात आलेल्या पुरुषांपैकी तीनचतुर्थांशांची सही असल्याशिवाय एक तुकडाही कुणाला देता येणार नाही असे कलम पडले. सहा वर्षे गेली. १८७४ साली जनरल कस्टरची फौज डोंगरांत शिरली आणि सोने असल्याची बातमी फुटली. मग काय विचारता! खोदणाऱ्यांची रीघ लागली. लढाई पेटली, १८७६ च्या जूनमध्ये कस्टर मारला गेला. सरकारने लाकोटांचा शिधा तोडला: डोंगर द्या, नाहीतर उपाशी राहा. तरीही तीनचतुर्थांश सह्या मिळाल्या नाहीत. दहांपैकी एकाचीच काय ती मिळाली. आणि १८७७ च्या फेब्रुवारीत कायदा करून डोंगर घेतले. त्याच डोंगरांतला एक कडा तासून पुढे १९२७ ते १९४१ या काळात चार राष्ट्राध्यक्षांचे प्रचंड चेहरे कोरले. ते चित्र आपल्या भूगोलाच्या पुस्तकांतही असते.

या काळाशी आपला एक खरा धागा आहे. १८७३ साली पुण्यात जोतिराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध केली आणि ती अमेरिकेतल्या निग्रो गुलामांना मुक्त करणाऱ्या सज्जनांना अर्पण केली. ही अर्पणपत्रिका सर्वांना माहीत असते. पण त्याच पुस्तकाच्या इंग्रजी प्रस्तावनेत जोतिरावांनी युरोपियनांनी अमेरिकेतल्या इंडियनांवर केलेल्या जुलमाचाही उल्लेख केला आहे, आणि आपल्या इथल्या जुलमाशी त्याची सांगड घातली आहे. ज्यांची स्तुती करायची त्यांची केली, पण म्हणून दुसरी बाजू त्यांच्या नजरेतून सुटली नाही. कस्टरची फौज डोंगरांत शिरायला तेव्हा एक वर्ष होते.

तोफेने जेवढी जमीन गेली तिच्यापेक्षा अधिक कागदाने गेली, आणि तो कागद शेतकऱ्याला समजून घेण्यासारखा आहे. १८८७ साली डॉझचा कायदा झाला. त्याआधी राखीव मुलखातली जमीन सगळ्या राष्ट्राची सामाईक असे. आपले गायरान असते ना, कुणा एकाच्या सातबाऱ्यावर नसलेले, तसे समजा. मात्र सगळा मुलूखच तसा. कायदा म्हणाला, हे बरे नाही, प्रत्येकाला स्वतःची जमीन हवी. कुटुंबप्रमुखाला एकशेसाठ एकर, एकट्या प्रौढाला ऐंशी. ऐकायला किती चांगले! कायदा आणणाऱ्यांतले काही जण मनापासून भले करायला निघाले होते हेही खोटे नाही. पण सगळ्यांना वाटून जी उरली ती ‘जादा’ ठरवली आणि गोऱ्या वसाहतवाल्यांना खुली केली. शिवाय वाटलेली जमीन ठरावीक मुदतीनंतर विकता येऊ लागली, तेव्हा कर थकला, कर्ज झाले, अंगठा उठला आणि जमीन गेली. ही रीत कुठल्या देशातल्या शेतकऱ्याला अनोळखी आहे? १८८७ साली मूळ रहिवाशांकडे १३ कोटी ८० लाख एकर जमीन होती. १९३४ साली वाटप थांबवले तेव्हा ४ कोटी ८० लाख उरली होती. जी राहिली तिच्यावर वारस चढत गेले; आज एकेका तुकड्याला शेकडो हिस्सेदार सापडतात. त्या उताऱ्यावर कसायचे कुणी आणि खायचे कुणी?

बाईंचे पीएच. डी. चे काम जमिनीवरचेच होते. न्यू मेक्सिको या कोरड्या मुलखात जमीन आणि पाण्याचे पाट कुणाच्या ताब्यात कसे गेले, याचा तो अभ्यास. १९८० साली तो पुस्तकरूपाने निघाला. तिथली पाटाच्या पाण्याची सामाईक व्यवस्था वाचताना धुळ्याकडच्या माणसाला आपली फडपद्धत आठवेल. स्पेनचे राज्य गेले, मेक्सिकोचे आले, १८४८ च्या तहाने ते अमेरिकेचे झाले. दर वेळी नवा दरबार जुने कागद मागत गेला आणि ज्यांची वहिवाट होती पण कागद धड नव्हता, त्यांची जमीन आक्रसत गेली. पुस्तक जरा रुक्ष आहे, पण जमाबंदीत रस असलेल्या माणसाला आवडेल.

माझे विद्यार्थी कधी कधी विचारतात, ‘सर, इतिहास शिकून उपयोग काय?’ त्याचे एक उत्तर १९७४ सालचे आहे. त्याच्या आदल्या वर्षी लाकोटा आणि त्यांच्या साथीदारांनी दक्षिण डकोटातले वुंडेड नी हे खेडे ७१ दिवस ताब्यात ठेवले होते. गाव मुद्दाम निवडलेले होते. २९ डिसेंबर १८९० रोजी तिथेच सैन्याने अडीचशेहून अधिक लाकोटा पुरुष, बायका आणि मुले मारली होती, आणि वर सैनिकांना शौर्यपदके मिळाली होती. १९७३ च्या प्रकरणात पुष्कळांवर खटले भरले. वकिलांनी मुद्दा काढला, की १८६८ चा तह जिवंत आहे, म्हणून लाकोटा भूमीवरच्या गोष्टींचा न्याय करण्याचा तुमच्या कोर्टाला अधिकारच नाही. डिसेंबर १९७४ मध्ये नेब्रास्कातल्या लिंकन शहरी जज्ज अर्बम यांच्यासमोर या एका मुद्द्याची सुनावणी झाली. डनबारबाई तिथे इतिहासाच्या तज्ज्ञ म्हणून साक्षीला उभ्या राहिल्या. डॉक्टरेट त्याच वर्षी मिळालेली.

पण त्यांच्याइतकीच, किंबहुना त्यांच्याहून मोलाची साक्ष लाकोटा म्हाताऱ्यांची होती. तहात काय ठरले हे आजोबा-पणजोबांनी त्यांना तोंडी सांगितले होते, आणि ते त्यांनी कोर्टात सांगितले. सरकारजवळ छापील कागद. यांच्याजवळ पिढ्यांची आठवण. इतिहासकाराने कुणाचे खरे मानायचे? बाईंचे उत्तर असे, की दोन्ही शेजारी ठेवून वाचा. कागदही शेवटी माणसानेच लिहिला आहे आणि तो लिहिण्यात त्याचा फायदा होता. आपल्याकडे पोवाडे आणि बखरी तपासून वाचण्याची शिस्त इतिहाससंशोधकांनी घालून दिली आहे. सरकारी दप्तरालाही तोच नियम लावायला नको काय?

निकाल विरुद्ध गेला. हा इतिहास कुरूप आहे हे न्यायाधीशाने लिहून ठेवले, पण दाद द्यायचे नाकारले. बाईंनी काय केले? ती सगळी साक्ष निवडून, जुळवून १९७७ साली पुस्तक काढले. त्याच साली जिनिव्हाला राष्ट्रसंघाच्या वास्तूत दोन्ही अमेरिका खंडांतल्या मूळ रहिवाशांची परिषद भरली, तिथे ते पुस्तक पोचले. कोर्टात हरलेली फिर्याद अशी जगासमोर गेली. राष्ट्रसंघात या विषयाचा कार्यगट १९८२ साली बसला, आणि मूळ रहिवाशांच्या हक्कांचा जाहीरनामा १३ सप्टेंबर २००७ रोजी मंजूर झाला. १४४ देश बाजूने, चार विरुद्ध: अमेरिका, कॅनडा, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड. चौघांचीही घरे कुणाच्या जमिनीवर आहेत ते सांगायला नकोच. पुढे चौघांनीही आपला विरोध मागे घेतला. भारताने बाजूने मत दिले, मात्र आपल्या देशातले सगळेच मूळ रहिवासी आहेत अशी पुस्ती जोडून. त्या पुस्तीवर आपल्याकडचे आदिवासी कार्यकर्ते समाधानी नाहीत, आणि मला त्यांचे म्हणणे रास्त वाटते.

बाईंच्या लेखनात उणिवा नाहीत असे नाही. २०१४ च्या पुस्तकात चारशे वर्षांहून मोठा काळ त्यांनी फार थोड्या पानांत कोंबला आहे. त्यामुळे एका राष्ट्राचे दुसऱ्याशी असलेले वैर, त्यांच्या आपसातल्या लढाया, गोऱ्यांशी कुणी कुणी केलेली हातमिळवणी हे सगळे घाईत उरकते. वकिलाच्या भाषणात शोभेल असे काही इतिहासाच्या पुस्तकात खटकते. पण ज्या बाजूचा वकीलच दोनशे वर्षे उभा राहिला नव्हता, तिचे पहिले भाषण जरा चढ्या आवाजात झाले, तर मी फार तक्रार करणार नाही. शिक्षकांसाठी सांगतो: या पुस्तकाची मुलांसाठी सोपी करून लिहिलेली आवृत्ती डेबी रीस आणि जीन मेंडोझा या दोन बाईंनी २०१९ साली काढली आहे. कॉलेजच्या ग्रंथालयाने ती मागवायला हरकत नाही.

आता काळ्या डोंगरांचे काय झाले, ते सांगायचे राहिले. १९८० साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले, की डोंगर घेतले पण भरपाई दिली नाही. जमिनीची १८७७ ची किंमत आणि तेव्हापासूनचे व्याज मिळून दहा कोटी डॉलरांहून अधिक रक्कम ठरली. लाकोटांनी ती घेतली नाही. घेतली तर विकल्यासारखे होईल आणि आम्ही विकलेच नाही, हे त्यांचे म्हणणे. त्यांच्या राखीव मुलखात घरे मोडकी, रोजगार नाही, देशातली अतिशय गरीब म्हणावी अशी ती वस्ती. तरी नाही म्हणजे नाही. ती रक्कम सरकारी खजिन्यात वाढत वाढत शंभर कोटी डॉलरांच्या पुढे गेली आहे.

आणि बाईंच्या ओक्लाहोमात ९ जुलै २०२० रोजी त्याच न्यायालयाने पाचास चार मतांनी निकाल दिला, की मस्कोगी राष्ट्राचा राखीव मुलूख काँग्रेसने कधी रद्द केलेलाच नाही. तेव्हा तिथल्या मूळ रहिवाशांवरचे मोठे गुन्हे चालवण्याचा अधिकार राज्य सरकारला नाही. दोन वर्षांनी, २०२२ मध्ये, दुसऱ्या निकालाने त्यातला काही भाग राज्य सरकारला परत मिळाला. हद्द नेमकी कुणाची कुठे चालते, यावर तिथल्या कोर्टांत दावे सुरूच राहिले आहेत, आणि वकील मंडळी अजूनही जुने तह टेबलावर काढून वाचीत आहेत.